मदत हवी आहे : अकरा आरोपी, तीन साक्षीदार, तिघेही मृताचे नातलग

ग्वाल्हेरला सत्र न्यायालयात बचाव पक्षाच्या वकिलांकडे ज्युनिअर आहे. सोमवारी लेखी युक्तिवाद द्यायचाय आणि एका जागी गाडी अडलीय.

घटना 2022 ची, म्हणून जुन्या भा.दं.वि.चं 302 (खून) आणि 149च (बेकायदा जमावाच्या समान उद्देशासाठी प्रत्येक जण जबाबदार). नवी भारतीय न्याय संहिता लागत नाही. प्रत्यक्षदर्शी मृताचा भाऊ, मेहुणा आणि मुलगा. मुलाच्या मनगटावर लाठीची जखम आहे, त्यामुळे तो तिथे नव्हताच असं म्हणायची सोय नाही. सात जणांची नावं तिघेही घेतात. उरलेल्या चौघांची फक्त भाऊ घेतो, तीही 'लाठ्या घेऊन उभे होते' एवढीच. पोलिसांपुढच्या 161 च्या जबाबात ती नव्हती. उलटतपासात हे आलंय.

'नातलग म्हणून खोटे' हा मुद्दा सोडलाय. 1953 च्या दलीप सिंग निकालानंतर तो चालत नाही. पण वैर असेल तर खऱ्या गुन्हेगारासोबत निर्दोषालाही ओढलं जातं, हेही त्याच निकालात आहे. आमच्याकडे बांधाचं जुनं भांडण आहेच (सर म्हणतात, जपून, तेच हेतू म्हणून अंगावर येईल). मसल्ती निकालातली कसोटीही वाचली : मोठ्या जमावाच्या खटल्यात दोन-तीन किंवा जास्त साक्षीदारांनी सुसंगतपणे नाव घेतलं असेल तरच त्या आरोपीला दोषी धरायचं.

आता ही कसोटी प्रत्येक आरोपीला वेगवेगळी लावून, बाकीच्यांची शिक्षा कायम ठेवत अशा एकट्या नातलगाने गोवलेल्यांना सोडल्याचा सुप्रीम कोर्टाचा किंवा म.प्र. हायकोर्टाचा निकाल कुणाला ठाऊक आहे का?