'नो क्रॉस' (उलटतपास न होताच साक्ष बंद) झालेला दावा पुन्हा उघडायचाय, वकील सुचवा (बजेट 20 हजार)

चाळकरी_गिरगाव: नमस्कार मंडळी. आईच्या नावावर पागडीची खोली आहे. मालकाने धोबीतलावच्या लघुवाद न्यायालयात, मुलाला राहायला हवी म्हणून दावा लावलाय. त्या मुलाचं सरतपासाचं प्रतिज्ञापत्र, म्हणजे त्याची लेखी साक्ष, आलं. उलटतपासाच्या तारखेला आमचे वकील आलेच नाहीत, त्याआधीही मुदती घेतलेल्या. रोजनाम्यात (कोर्टाच्या रोजच्या नोंदीत) लिहिलंय, 'वारंवार पुकारा करूनही प्रतिवादी व वकील गैरहजर. नो क्रॉस.' आता दावा युक्तिवादाला लागलाय. त्याच इमारतीत मुलाची दुसरी खोली कुलूप लावून पडली आहे, तेच विचारायचं राहिलं. कोर्ट पुन्हा संधी देतं का? 20 हजारांत कोणी चांगला वकील?

पक्या_पार्ले: 20 हजार विसरा. आम्ही फोर्टातला सीनियर लावला, एका हजेरीचे 60 हजार. पण उभा राहिला की समोरचा गप्प. नंबर मेसेज करतो.

सुनीता_मुलुंड: आधी वकील बदला. दिरांच्या दाव्यातही असाच गैरहजर राहिला, शेवटी दावा गेला. असल्या माणसाला एक तारीखसुद्धा देऊ नये.

नाना_डोंबिवली: दिवाणी प्रक्रिया संहितेच्या (सीपीसी) ऑर्डर 18 नियम 17अ खाली अर्ज टाका, नवा पुरावा म्हणून. सोपं आहे.

काळाचौकी_काका: नाना, 17अ आता नाही. 1999 च्या दुरुस्तीने गेला, 1 जुलै 2002 पासून. जुनं पुस्तक फेकून द्या.
चाळकरी, साक्षीदार परत बोलावायचा नियम 17 आहे, पण तो कोर्टाला स्वतःची शंका फेडून घ्यायला. पक्षकाराच्या पुराव्यातली भोकं बुजवायला नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2009 ला वादिराज वेर्णेकर प्रकरणात सांगितलं. तुमचा रस्ता सीपीसीचं कलम 151, कोर्टाचे अंगभूत अधिकार. 2011 च्या के. के. वेलुसामी निकालात म्हटलंय की युक्तिवादाच्या टप्प्यावरही साक्षीदार परत बोलावता येतो, पण खरं कारण हवं आणि वेळकाढूपणा नको. शिवाय तुमचा उलटतपास झालेलाच नाही, म्हणजे अर्धवट राहिलेलं वाढवून मागत नाही आहात. अर्जात तसं स्पष्ट लिहा आणि 'नो क्रॉस' हुकूम रद्द करा अशी मागणी घाला. गैरहजेरीचा कागद जोडा. समोरच्याला खर्च द्यायची तयारी आपणहून लिहा. एकाच तारखेत उलटतपास संपवू, हेही लिहा. आणि उद्याच करा. निकालासाठी ठेवलं की फार अवघड.

नाना_डोंबिवली: पुस्तक जुनं असलं तरी मुद्दा तोच ना?

काळाचौकी_काका: नाही.

सुनीता_मुलुंड: मी आधीच म्हटलं, वकील बदला.

लालबाग_रीडेव्हलपमेंट: पागडी असेल तर बिल्डर कधी येतोय ते बघा. आमच्या चाळीत सगळे दावे तडजोडीने मिटले, 405 फूट मिळाले.

वैशाली_भांडुप: आई प्रतिवादी आहेत ना? मग मोफत विधी सहाय्य मागा. 1987 च्या कायद्याच्या कलम 12 प्रमाणे बाईला उत्पन्नाची अट नाही. माझ्या मावशीला वकील मिळाली, मन लावून लढली. हे लोकांना कोणी सांगतच नाही, याचा राग येतो.

पक्या_पार्ले: फुकटचा वकील फुकटच काम करतो.

वैशाली_भांडुप: मावशीची खोली वाचली, दादा.

चाळकरी_गिरगाव: सगळ्यांचे आभार, काकांचे विशेष. आम्ही जुनेच वकील ठेवतोय. त्या दिवशी ते इस्पितळात दाखल होते, डिस्चार्जचा कागद आहे आणि स्वतःचं प्रतिज्ञापत्र द्यायला तयार आहेत. नव्या वकिलाला फाइल वाचायलाच पुढची तारीख लागेल. अर्ज उद्या लागतोय, कुलूपबंद खोलीचा फोटो आणि वीजबिल जोडून. खर्चासाठी 5 हजार बाजूला काढलेत. मालकाच्या वकिलाचा 'से' (अर्जावरचं लेखी म्हणणं) आला की कळवतो.

सुनीता_मुलुंड: चुकताय तुम्ही.

काळाचौकी_काका: प्रतिज्ञापत्रात इस्पितळात दाखल झाल्याची तारीख रोजनाम्याशी ताडून घ्या. आधी घेतलेल्या मुदतींचं कारणही लिहा, समोरचा वकील तिथेच बोट ठेवणार.