मदत हवी आहे: मेडिकेअरमधून घरच्यांच्या प्रशिक्षणाचे बिल कोणी करून घेतले आहे का?

नमस्कार मंडळी. आम्ही न्यू जर्सीत राहतो. सासूबाईंना पक्षाघात झाला, डावी बाजू अजून साथ देत नाही. त्यांना मेडिकेअर (अमेरिकेचा सरकारी आरोग्य विमा) पार्ट बी, म्हणजे डॉक्टर आणि दवाखान्याबाहेरच्या उपचारांचा भाग, आहे आणि थेरपी बाहेरच्या क्लिनिकमध्ये चालू आहे. पलंगावरून व्हीलचेअरवर घेताना त्यांच्या कमरेचा पट्टा नेमका कुठे धरायचा, गिळताना ठसका लागू नये म्हणून पाणी किती घट्ट करून पाजायचे, हे आम्हा दोघांना कोणीतरी नीट बसून शिकवायला हवे. दारातल्या दोन मिनिटांत ते जमत नाही.

क्लिनिकचे म्हणणे, पेशंट समोर नसेल तर बिल होत नाही. पण 2024 पासून मेडिकेअर नेमके यासाठीच, म्हणजे पेशंट समोर नसताना घरच्यांना शिकवण्यासाठी, पैसे देते. त्याचे बिलिंग कोड असे: 97550 पहिल्या 30 मिनिटांना, 97551 पुढच्या प्रत्येक 15 मिनिटांना, 97552 घरच्यांच्या गटासाठी. बेडसोअर टाळणे, जखमेची निगा यांसाठी 2025 पासून जी0541 ते जी0543 हे कोड आहेत. पेशंटची संमती नोंदवलेली हवी आणि प्रशिक्षण उपचार योजनेत बसायला हवे, एवढे मला ठाऊक आहे.

तुमच्यापैकी कोणी हे करून घेतले आहे का? आधी थेरपिस्टशी बोलावे की थेट बिलिंगवाल्यांशी? योजनेत नेमके काय लिहून घेतलेत? पार्ट बीमध्ये पेशंटने भरायचा 20 टक्के वाटा मेडिगॅपने (मेडिकेअरला जोडून घेतलेल्या खासगी पूरक विम्याने) उचलला का? इथे थेरपिस्ट किंवा बिलिंगमध्ये काम करणारे कोणी असतील तर कृपया जरूर सांगा. सासूबाईंना उचलताना रोज भीती वाटते हो, त्या पडतील याची.