पाचवा डाऊन : १९४० साली कॉर्नेलने जिंकलेला सामना सोडायला हवा होता का?

धागाकर्ता : सह्यवारा

माझं मत आधीच सांगतो : सोडायलाच हवा होता. तरीही दुसरी बाजू ऐकायची आहे, म्हणून हा धागा.

अमेरिकन फुटबॉल न बघणाऱ्यांसाठी एवढंच की, चेंडू ज्यांच्याकडे असतो त्या संघाला दहा यार्ड पुढे सरकायला चार प्रयत्न मिळतात. एका प्रयत्नाला डाऊन म्हणतात. चारांत जमलं नाही, तर चेंडू समोरच्यांचा.

कॉर्नेल विद्यापीठाचा संघ १९३९ मध्ये आठपैकी आठ सामने जिंकला होता. १९४० चा हंगाम त्याहून दणक्यात सुरू झाला. कोलगेट ३४-०, आर्मी ४५-०, सिरॅक्युज ३३-६. ओहायो स्टेटसारख्या तगड्या संघाला २१-७ ने हरवलं. मग कोलंबिया २७-०, येल २१-०. सहा सामन्यांत मिळून विरोधकांना फक्त १३ गुण! १९३८ पासून मोजलं तर सलग १८ सामने हा संघ हरला नव्हता.

१६ नोव्हेंबरला, शनिवारी, ते न्यू हॅम्पशायरमधल्या हॅनोव्हरला डार्टमथ कॉलेजशी खेळायला गेले. डार्टमथचा हंगाम बेताचाच होता, पण त्या दिवशी त्यांनी कॉर्नेलला एक गुण करू दिला नाही. चौथ्या सत्रात बॉब क्रीगरने फील्ड गोल मारला (चेंडू लाथेने खांबांमधून मारला की तीन गुण), ३-०. अगदी शेवटी कॉर्नेल गोलरेषेपासून सहा यार्डांवर पोचलं. तीन वेळा चेंडू घेऊन घुसले, रेषा हातभर उरली. मग वेळ घालवल्याबद्दल पाच यार्डांचा दंड झाला आणि पुन्हा मागे. चौथ्या डाऊनला टाकलेला पास खाली पडला. चेंडू डार्टमथचा व्हायला हवा होता. पण दंडाच्या गडबडीत मुख्य पंच रेड फ्रीसेल यांची मोजणी चुकली आणि त्यांनी चेंडू पुन्हा कॉर्नेलला दिला. त्या पाचव्या डाऊनवर वॉल्ट शोलने बिल मर्फीला पास दिला. टचडाऊन, म्हणजे चेंडू गोलरेषेपार नेल्याचे सहा गुण. वरचा एक गुण धरून ७-३, सामना संपला.

दोन दिवसांनी, चित्रफीत तपासून झाल्यावर, फ्रीसेल यांनी चूक लेखी कबूल केली. पण सामना संपला की पंचाचा अधिकारही संपतो, निकाल बदलायची मुभा कुणालाच नव्हती. कॉर्नेलने मात्र डार्टमथला तार करून विजय सोडला. आजही नोंद डार्टमथ ३, कॉर्नेल ० अशीच आहे. कुणी भाग पाडलेलं नसताना केलेली ही गोष्ट मला त्या सहा विजयांपेक्षा मोठी वाटते.

मैदानकर

सह्यवारा, मला हे अजिबात पटत नाही. पंचाची चूक हा खेळाचाच भाग असतो. साठ मिनिटांच्या खेळात इतरही चुका झाल्या असतील, त्या कोण परत तपासणार? शेवटची चूक चित्रफितीत ठळक दिसली म्हणून तेवढीच दुरुस्त करायची, हा कुठला न्याय?

आणि सामना सोडला कुणी? तार गेली ती विद्यापीठाकडून. अध्यक्ष एडमंड डे, क्रीडा संचालक जेम्स लायना, ही वरची मंडळी. चिखलात लोळली ती पोरं. स्वतःच्या घामाचं काही सोडणं हा मोठेपणा आहे, दुसऱ्याच्या घामाचं सोडणं सोपं असतं.

अबोली

मैदानकर, इतर चुका आणि ही चूक एका मापाने मोजू नका. रेषेला पाय लागला की नाही, यावर दोघांचं दुमत होऊ शकतं. चारानंतर पाच येतात, यावर कसं होणार? त्या टचडाऊनला नियमात जागाच नव्हती.

आपल्याकडचं उदाहरण देते. १९८० मध्ये वानखेडेवर सुवर्णमहोत्सवी कसोटीत पंचांनी बॉब टेलरला बाद दिलं. चेंडू बॅटला लागलेला नाही म्हणून कर्णधार विश्वनाथने त्याला परत बोलावलं. इंग्लंडचे पाच गडी ५८ धावांत गेले होते. टेलर आणि बोथमने १७१ धावांची भागीदारी केली आणि आपण दहा गड्यांनी हरलो. तरी आमच्या घरात आजही विश्वनाथचं नाव आदराने घेतात.

मैदानकर

अबोलीताई, तुमचं उदाहरण माझ्याच बाजूचं आहे. विश्वनाथने खेळ चालू असताना, पुढचा चेंडू पडायच्या आत निर्णय घेतला, आणि तो मैदानावरचा कर्णधार होता. निकाल लागून दोन दिवस झाल्यावर कचेरीत बसून नाही. शनिवारीच कॉर्नेलचा कर्णधार पंचांकडे जाऊन ‘आमचे चार झाले’ म्हणाला असता, तर मीच पहिला उभा राहून टाळ्या वाजवल्या असत्या.

परगावचा

यात १९९० सालही धरा. ६ ऑक्टोबरला कोलोरॅडो विद्यापीठाने मिझुरी विद्यापीठाविरुद्ध अशाच पाचव्या डाऊनवर टचडाऊन केला आणि ३३-३१ ने सामना जिंकला. त्यांचे प्रशिक्षक बिल मॅकार्टनी यांनी विजय सोडला नाही, मैदानच खराब होतं म्हणाले. त्या वर्षी एपी या वृत्तसंस्थेच्या क्रमवारीत कोलोरॅडो देशात पहिलं आलं. मैदानकरांच्या न्यायाने ते बरोबर ठरतं. मला ते विजेतेपद अजून खुपतं.

सह्यवारा

मैदानकर, खेळाडूंचा मुद्दा मला मान्य आहे, त्यावर माझ्याकडे चोख उत्तर नाही. पण डार्टमथच्या पोरांचाही घाम धरा ना. त्यांनी गोलरेषेवर चार वेळा अडवलं होतं. अजून किती वेळा अडवायचं?

आणि चित्रफीत कुणाची? कॉर्नेलचे प्रशिक्षक कार्ल स्नेव्हली सामन्यांचं चित्रण करून बारकाईने अभ्यास करणारे होते, त्या काळात असे थोडेच. चुका शोधायला घेतलेल्या फितीत आपलाच विजय खोटा निघाला, तर ती फीत कपाटात टाकायची?

मैदानकर

चार वेळा अडवलं, हे खरं. त्याला माझ्याकडे उत्तर नाही. तरी पुढच्याच आठवड्यात तो संघ पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाकडून २२-२० ने हरला आणि ६-२ वर हंगाम संपला. वर्षभर जीव तोडून खेळलेल्या पोरांना तार पाठवण्याआधी एकदा एकत्र बसवून विचारायला हवं होतं. तीही बहुधा ‘सोडा’च म्हणाली असती. पण ते त्यांच्या तोंडून यायला हवं होतं.