शाळा चालवणारा माणूस शिक्षकांचा आमदार व्हावा का?

तापीकाठ (चोपडा)

परवा येथे एका सदस्यांनी लिहिले की, ज्याने तीस वर्षे शाळा चालवली त्याला शिक्षकांचे प्रश्न कुणी समजावून सांगण्याची गरज नाही, म्हणून नाशिक विभागाचा शिक्षक आमदार, म्हणजे शिक्षकांच्या मतांवर विधान परिषदेत जाणारा आमदार, हा मुख्याध्यापक किंवा संस्थाचालकच असला पाहिजे. दोन दिवस मी उत्तर देण्याचे टाळले, पण त्याखाली सहमतीची रांग लागलेली पाहून राहवले नाही.

शाळा चालवणे आणि शाळेत शिकवणाऱ्यांच्या वतीने बोलणे ही दोन वेगळी कामे आहेत, आणि अनेकदा ती परस्परांच्या विरोधात जातात. 1977 चा खासगी शाळांतील कर्मचाऱ्यांचा कायदा झाला आणि बडतर्फ शिक्षकाला शाळा न्यायाधिकरणात दाद मागता येऊ लागली, त्या कायद्याची गरज कुणाच्या वागण्यामुळे पडली होती? दुसरी गोष्ट मतदार यादीची. या मतदारसंघाची यादी प्रत्येक निवडणुकीला कोऱ्या पानावरून तयार होते. 1 नोव्हेंबर या अर्हता दिनांकापूर्वीच्या सहा वर्षांत किमान तीन वर्षे माध्यमिक किंवा त्याहून वरच्या वर्गांना शिकवल्याचा दाखला नोंदणीच्या नमुना 19 या अर्जासोबत जोडावा लागतो, आणि त्या दाखल्यावर सही असते शाळेच्या प्रमुखाची. म्हणजे उमेदवार संस्थाचालक असेल, तर त्याचा मतदार कोण व्हावा हे त्याच्याच पगारी माणसाच्या सहीवर अवलंबून राहते. या एका कारणासाठी तरी मला वरील मत मान्य नाही.

पांझरा (धुळे)

मी निवृत्त मुख्याध्यापक आहे, त्यामुळे वरील मजकूर मला वैयक्तिक लागला, हे आधीच सांगतो. आपण मुख्याध्यापक आणि संस्थाचालक यांना एकाच दावणीला बांधले आहे. मुख्याध्यापक हा स्वतः शिक्षक असतो, त्याचा स्वतःचा पगारही शासनाच्या वेतन पथकातूनच निघतो, आणि संस्थेचा रोष सर्वांत आधी त्याच्याच अंगावर येतो.

एका वर्षी संच मान्यतेत, म्हणजे पटसंख्येवरून शिक्षकांची पदे ठरवताना, आमच्या शाळेची एक तुकडी कमी दाखवली गेली आणि दोन शिक्षक अतिरिक्त ठरले. शिक्षणाधिकारी कार्यालयात मी अकरा फेऱ्या मारल्या. शेवटी ज्या आमदारांनी ते प्रकरण मार्गी लावले, ते स्वतः पूर्वी मुख्याध्यापक होते. त्यांनी पटसंख्येचा तक्ता हातात घेतला आणि आठवीच्या रकान्यातील बेरजेची चूक उभ्या उभ्या दाखवली. दुसऱ्या एखाद्या पुढाऱ्याने फक्त पत्र दिले असते. आणि खान्देशात बसून आपण खिरोद्याचे मधुकरराव चौधरी कसे विसरता? घरात जनता शिक्षण मंडळाचे काम, स्वतः राज्याचे शिक्षणमंत्री, पुढे 1990 ते 1995 विधानसभेचे अध्यक्ष. शाळा उभी करणारा माणूस सभागृहात काय करू शकतो, याचे आणखी कोणते उदाहरण हवे?

तापीकाठ (चोपडा)

सर, मधुकररावांविषयी मलाही आदरच आहे. मात्र ते विधानसभेवर सर्वसामान्य मतदारांच्या मतांवर निवडून गेले होते. त्यांच्या मतदाराला कुणाचा दाखला लागत नव्हता. ही तुलना येथे लागू पडत नाही. तक्त्यातील चूक शोधणे हे मोलाचे काम आहे हे मान्य करतो, पण ते मुळात शिक्षणाधिकाऱ्यांच्या कार्यालयाचे काम होते. ते करून घेण्यासाठी आमदाराला जावे लागले, ही आपल्या आमदाराची थोरवी मानायची की व्यवस्थेची लाज?

गिरणा (चाळीसगाव)

आपणा दोघांचेही वाचले आणि मनस्वी वाईट वाटले, कारण या संपूर्ण वादात मी कुठेच नाही. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत एकोणीस वर्षे पहिली ते चौथीला शिकवते आहे. राज्यघटनेच्या कलम 171 नुसार या मतदारसंघाचा हक्क माध्यमिक आणि त्यापुढील शिक्षकांना आहे. विधान परिषदेच्या 78 जागांपैकी 7 शिक्षकांच्या, आणि त्या सातांपैकी एकाही जागेसाठी माझे मत नाही. माझ्या वर्गात ऊसतोडीला गेलेल्या कुटुंबांची मुले दिवाळीनंतर गायब होतात आणि उन्हाळ्यात अक्षरे विसरून परत येतात. त्यांना पुन्हा 'क' गिरवायला लावणारी मी शिक्षक नाही, आणि त्याच मुलाला पुढे नववीत भूगोल शिकवणारे मात्र शिक्षक, हा भेद कोणत्या न्यायात बसतो? आमदार मुख्याध्यापक असावा की नसावा, हा तुमच्या घरातला वाद आहे. आम्हाला अजून उंबरठाही ओलांडू दिलेला नाही.

पांझरा (धुळे)

ताई, आपली वेदना खरी आहे, परंतु त्यासाठी कायद्यात बदल लागेल. तो संसदेत होतो, शिक्षक आमदार तो करू शकत नाही.

गिरणा (चाळीसगाव)

करू शकत नाही हे मला ठाऊक आहे, सर. मागणी तरी करू शकतो ना? मते मागायला येणारा उमेदवार आमच्या शाळेवरून गाडी नेतो आणि पुढच्या हायस्कुलात थांबतो. आमच्या दारात थांबण्याचे त्याला कारणच नाही, म्हणून आमचा प्रश्न त्याच्या तोंडी येत नाही. आपण संसदेचे नाव काढून विषय मिटवलात, याचा मला राग आला आहे आणि तो मी लपवत नाही.

सातपुडा (शहादा)

ताईंचे म्हणणे शंभर टक्के रास्त आहे, पण ज्यांना मत आहे त्यांचे काय होते तेही ऐका. मी विनाअनुदानित तुकडीवर नऊ वर्षे काम केले. नोंदणीच्या वेळी दाखला मागायला गेलो, तेव्हा शिक्का कपाटात आहे आणि किल्ली अध्यक्षांकडे आहे, असे उत्तर मिळाले. पुढच्या दिवशीही किल्ली आली नाही. मी आदल्या वर्षी अनुदानाच्या टप्प्यासाठी उपोषणाला बसलो होतो, एवढेच माझे चुकले होते. मतदानाच्या दिवशी सहकारी जांभळ्या पेनाने पसंतीक्रम लिहून आले आणि मी पर्यवेक्षणाला वर्गावर थांबलो. म्हणून मुख्याध्यापकांनी शिक्षकांची बाजू मांडावी, हे वाक्य मला पचत नाही.

पांझरा (धुळे)

एका शाळेतील अनुभवावरून सर्व मुख्याध्यापकांना दोषी धरणे हा अन्याय आहे, आणि तो मी सहन करणार नाही. मी स्वतः दाखल्यासाठी कुणालाही परत पाठवलेले नाही. शिवाय उमेदवार पदवीधर मतदारसंघातील असला तरी पदवीधर असलाच पाहिजे असे घटना म्हणत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1972 सालीच स्पष्ट केले आहे, आणि शिक्षक मतदारसंघालाही तेच लागू होते. मग वर्गाचे तोंड न पाहिलेला धनिक उभा राहिलेला तुम्हाला चालतो का? त्याच्यापेक्षा खडू धरलेला मुख्याध्यापक शतपटीने बरा.

तापीकाठ (चोपडा)

धनिक मलाही चालत नाही. एवढ्यापुरते आपले एकमत आहे, असे नाइलाजाने म्हणतो. उमेदवार मुख्याध्यापक असण्यास माझी हरकत कमी होईल, जर दाखल्याचा अधिकार शाळेकडून काढून वेतन पथकाच्या नोंदींवर सोपवला. अनुदानित शिक्षकाने किती वर्षे शिकवले, हे तेथील पगारपत्रकात महिन्यागणिक लिहिलेले असते. विनाअनुदानित शिक्षकांसाठी मान्यतेचे आदेश शिक्षणाधिकाऱ्यांकडे असतात. आपण, सर, या मागणीला पाठिंबा द्याल का?

पांझरा (धुळे)

देईन. याचे कारण कालपासून मनात आहे, म्हणून लिहितो. संस्थाप्रमुखाला आपल्या सर्व पात्र कर्मचाऱ्यांचे अर्ज एकत्र पाठवण्याची मुभा असते. मी सह्या करून तेवीस अर्जांचा गठ्ठा बांधला होता. संस्थेच्या सचिवांनी तो आधी कार्यालयात मागवला आणि तहसीलला आम्हीच पोहोचवू असे सांगितले. मी दिला. यादी आली तेव्हा त्यात एकवीस नावे होती. राहिलेले दोघे शिक्षक संघटनेच्या कामात होते. त्यांनी मला विचारले, तेव्हा तहसीलमध्ये काही चूक झाली असेल, असे मी म्हणालो. त्यातले एक गेल्या वर्षी निवृत्त झाले. त्यांना खरे अजून सांगितलेले नाही.