देठ हिरवा, साल पिवळी: म्हणून केळं विषारी कसं ठरतं?

सावदेकर
बहिणीच्या फोनवर परवा पुन्हा तोच निरोप आला: "केळ्याचा देठ हिरवा आणि अंग पिवळं असेल तर ते कार्बाइडनं पिकवलेलं. देठ काळा असेल तरच नैसर्गिक." कार्बाइड म्हणजे फळं पिकवायला चोरून वापरतात ती बंदी असलेली पूड. तिनं चांगली दोन डझन केळी दुकानदाराला परत केली. मी रावेर तालुक्यात एका रायपनिंग चेंबरवर, म्हणजे केळी पिकवायच्या बंद खोल्यांवर, अकरा वर्षं काम करतोय. या निरोपामुळे नेमका चांगला माल नाकारला जातो, म्हणून हा धागा.

चेंबरमध्ये आम्ही काय करतो ते सांगतो. हिरव्या फण्या क्रेटमध्ये लावतो, खोली १६ ते १८ अंशांवर आणतो, हवेत ९० टक्क्यांच्या वर ओल ठेवतो आणि फळ पिकवणारा इथिलिन वायू सोडतो. प्रमाण १०० पीपीएम, म्हणजे हवेच्या दहा हजार भागांत एक भाग. चोवीस तासांनी दारं उघडून खोली मोकळी करतो, कारण केळी श्वास घेतात, त्यांचा कार्बन डायऑक्साइड आत साठला की पिकणं अडतं. पुढचे चार-पाच दिवस फक्त तापमान सांभाळायचं. थर्मामीटरची सुई थेट केळ्याच्या पोटात खुपसून पाहतो, कारण पिकायला लागलेलं केळं स्वतः तापतं. खोलीचा काटा १७ दाखवतो आणि गर १९ वर गेलेला असतो.

थंडाव्यात हळू पिकलेल्या केळ्याचं अंग आधी पिवळं होतं आणि देठ व टोक शेवटी. आम्ही माल बाहेर काढतो तोच मुळी या टप्प्यावर, म्हणजे दुकानात दोन-तीन दिवस टिकतो. हिरवा देठ ही विषाची खूण नाही. देठ पाहून कार्बाइड ओळखता येत नाही.

माजघर_पुणे
सावदेकर भाऊ, तुमचं काम तुम्ही मनापासून करता हे दिसतंय. पण मला पटलेलं नाही. आमच्या घरी आजोबा बसराईचा अख्खा घड आणायचे, गोणपाटात गुंडाळून माजघराच्या कोपऱ्यात ठेवायचे. चौथ्या-पाचव्या दिवशी पोतं उघडलं की घरभर वास. साल हिरवटच असायची, पण आत मधासारखं गोड. आताची केळी पिवळीधमक, आणि आत पिठूळ. रंग आहे, चव नाही. मग लोकांनी संशय घेतला तर चूक काय? आणि मंडईमागच्या एका वखारीत कार्बाइडच्या पुड्या मी स्वतः पाहिल्या आहेत.

जीवशास्त्र_शिकवते
ताई, पुड्या पाहिल्या असतील तर तक्रार करायलाच हवी. कार्बाइडला ओल लागली की ॲसिटिलीन वायू सुटतो. तो इथिलिनची नक्कल करतो, पण फार दुबळी, म्हणून पुड्या भरपूर टाकतात. बाजारातल्या कार्बाइडमध्ये आर्सेनिक आणि फॉस्फरसचे अंश असतात, खरा धोका त्यांचा. २०११ च्या अन्नसुरक्षा नियमांत कार्बाइडनं फळ पिकवण्यावर स्पष्ट बंदी आहे. इथिलिनला २०१६ मध्ये १०० पीपीएमपर्यंत परवानगी मिळाली.

तुमच्या गोणपाटात काय होत होतं? तेच. केळं स्वतः इथिलिन तयार करतं, पोत्यात ते कोंडलं जातं, एक फळ पिकू लागलं की शेजारच्यालाही जाग येते. रशियात १९०१ मध्ये नेल्युबोव यांनी दिव्याच्या गॅसमुळे वाटाण्याची रोपं वाकडी का वाढतात हे शोधताना इथिलिनवर बोट ठेवलं. फळं स्वतःच ते बनवतात हे १९३४ मध्ये गेन यांनी सफरचंदांवर दाखवलं. चेंबरमध्ये बाहेरून येतो तो रेणू आणि फळातला रेणू एकच.

आणि ती हिरवट साल! बसराई, ग्रँड नैन या सगळ्या केळ्याच्या जाती कॅव्हेंडिश गटातल्या. २४-२५ अंशांच्या वर पिकवली की गर मऊ आणि गोड होतो, पण सालीतलं हरितद्रव्य पूर्ण जात नाही. तुमच्या माजघरात उकाडा होता, एवढंच ते.

वसईकर
आमच्याकडे मातीनं लिंपलेल्या खोलीत धूर देऊन केळी पिकवत. धुरातही इथिलिन असतंच. राजेळी जातीची केळी पिकवून, सोलून, उन्हात वाळवून सुकेळी करतात, त्यात केळं नीट पिकलं नसेल तर सगळी मेहनत वाया. त्यामुळे 'जुनं म्हणजे वायूशिवाय' असं म्हणणाऱ्यांनी एकदा धुराच्या खोलीत डोळे चोळत उभं राहून पाहावं.

मळ्यातून_यावल
मी शेतकरी. वायूवरच सगळे भांडताय, पण ताईंच्या चवीच्या तक्रारीचं मूळ माझ्या बांधावर आहे. खरेदीदार लांबच्या गाडीसाठी माल मागतो, आणि भाव पडायच्या आत घड निघावा असं मलाही वाटतं. मग केळ्याच्या कडा गोलावायच्या आधीच विळा लागतो. कच्च्या केळ्याच्या गरात वीस-पंचवीस टक्के पिष्ट असतं, पिकताना त्याचीच साखर होते. जे पिष्ट झाडावर भरलंच नाही, त्याची साखर सावदेकर भाऊंचा वायू कुठून आणणार? कोवळा घड चेंबरमध्ये पिवळा होतो, पण गोड होत नाही. पिठूळ लागतं ते म्हणून.

आणि झाडावरच पिकू द्या म्हणणाऱ्यांना: आमच्याकडे झाडावर पिकलेलं केळं सालीसकट उकलतं. वरची फणी पिकते, खालची हिरवी राहते, आणि पक्षी आधी पोचतात.

सावदेकर
यावलकर भाऊ, मान्य. कोवळा घड आला की आम्हालाही कळतं, चीक जास्त गळतो आणि केळी टोकदार कडांची असतात. तरी आम्ही तो परत पाठवत नाही. पाठवायला हवा.

हातगाडी_ठाणे
चेंबरवाल्यांचं बरोबर असेल, पण मी रोज पाच-सहा क्रेट विकणारा माणूस. पिकवायचं भाडं, त्यात गाडीभाडं. पूर्वी आम्ही खोलीत बर्फाच्या लाद्या ठेवून पिकवायचो. आता आसपासचे काही जण इथ्रेल नावाचं रसायन पाण्यात मिसळून फण्या बुडवतात, वर गोणपाट टाकतात, झालं काम. ते चूक आहे हे मला माहीत आहे, मी करत नाही. पण गिऱ्हाईक पिवळ्या रंगाला पैसे देतं आणि हिरव्या देठाला घाबरतं. मग ज्याच्याकडे रंग लवकर येतो तो विकून मोकळा होतो.

जीवशास्त्र_शिकवते
दादा, हा मुद्दा कुणीच काढला नव्हता. इथ्रेलमधूनही इथिलिनच सुटतं, पण द्रावणात फळ बुडवणं आणि खोलीत वायू सोडणं यात मोठा फरक आहे. फळाला रसायनाचा थेट स्पर्श होऊ द्यायचा नाही, असाच नियम आहे. 'वायू एकच, मग बुडवलं तर काय बिघडलं' असं कुणी म्हणालं तर ते चूक. इथे माजघर ताईंचा संशय रास्त आहे.

ज्यांना घरी पाहायचं आहे त्यांनी केळं आडवं कापून चकतीवर टिंक्चर आयोडिनचा थेंब टाकावा. पिष्ट असेल तिथे निळं-काळं होतं. चकती टाकून द्यायची, खायची नाही. यानं कार्बाइड कळणार नाही, केळं आतून किती पिकलंय ते कळेल.

माजघर_पुणे
केलं. हिरव्या देठाची सहा केळी आणली. एक त्याच दिवशी कापलं: चकतीवर बरंच निळं पसरलं. तीन फ्रिजमध्ये ठेवली, दोन ओट्यावर. तिसऱ्या दिवशी ओट्यावरच्यांवर तपकिरी ठिपके आले होते. त्यातल्या एकावर थेंब टाकला तर निळं जवळजवळ नाहीच, दुसरं खाल्लं तर चांगलं गोड. फ्रिजमधल्यांची साल काळवंडली आणि आत तसंच पिठूळ. म्हणजे इतकी वर्षं मी बाजारातून आणल्या आणल्या केळी फ्रिजमध्ये टाकत होते, तिथेच त्यांचं पिकणं थांबत होतं.

हिरव्या देठाबद्दलचं माझं म्हणणं मागे घेते. पण वास अजूनही आजोबांच्या पोत्यातला नाही.

सावदेकर
ताई, वासाचं खरं आहे. वास सगळ्यात शेवटी येतो, ठिपके पडू लागल्यावर, आणि तो कोवळ्या घडाला कधीच पुरता येत नाही. कच्च्या केळ्याला १३ अंशांच्या खालचा गारठा सोसत नाही, तुमचा फ्रिज त्याहून फार थंड. पुढच्या वेळी फणी निवडताना देठ नका पाहू. केळ्याच्या अंगावरून अंगठा फिरवा, कडा टोचल्या तर ठेवून द्या, गोल लागली तर घ्या. मग दोन दिवस ओट्यावर, उघडी.