मंतरलेली टाकी की छिन्नी?

प्रश्न: कादंबरी कल्पित जगातली आहे. लयाला गेलेल्या युगातली पाथरवटांची हत्यारं तिच्यात येतात आणि मुख्य हत्यार हातोड्याशिवाय दगड कापतं. 'जादूची टाकी' लिहिलं तर नागपूरच्या वाचकाला गच्चीवरची पाण्याची टाकीच दिसेल. 'छिन्नी' लिहू का? आणि 'जादूची' हा शब्द फार बाळबोध वाटतो.

उत्तर: टाकीच ठेवा. छिन्नीची धार सपाट असते आणि ती लोखंड तोडायलाही चालते. टाकीला टोक असतं, ती दगड घडवण्यासाठीच. संस्कृत 'टङ्क' म्हणजे पाथरवटाची टाकी. टाकसाळ आणि टंकलेखन हे त्याच शब्दाचे वंशज. पहिल्याच वाक्यात 'टाकीचं टोक' किंवा 'टाकीचा घाव' आला की गच्ची विसरली जाते.

एक वाक्य मात्र टाळा: 'त्याने टाकीला पाणी दिलं.' लोहाराच्या भाषेत ते अगदी बरोबर आहे (पाणी देणं म्हणजे तापवून, पाण्यात बुडवून कडक करणं), पण इथे दोन्ही अर्थ एकमेकांवर आदळतात. 'टोकाला पाणी दिलं' असं लिहा, आणि कृतीही दाखवा. टोकाकडचे दीड-दोन इंच लाल होईपर्यंत तापवायचे, त्यातला अर्धा इंच पाण्यात बुडवायचा, बाहेर काढून लगेच दगडावर घासून चकचकीत करायचा. मागची उष्णता टोकाकडे सरकते तसे रंग चढतात: फिकट पिवळा, तपकिरी, जांभळा, निळा. तपकिरी-जांभळ्याच्या मध्ये पूर्ण बुडवायचं. पिवळ्याआधीच बुडवलं तर टोक काचेसारखं उडतं. निळ्यापर्यंत थांबलं तर काळ्या दगडावर दुमडतं. मंत्र घालायचा असेल तर याच रंगांच्या क्षणी घाला. ती जागा आयती आहे.

दुसरं उत्तर: वरच्या 'घाव'बद्दल हरकत आहे. हातोडाच नाही तर घाव कुठला? 'टाकी मारली' हेही चुकेल. 'टाकी फिरवली', 'टाकी टेकवली' म्हणा. टाकीचे घाव सोसल्याशिवाय देवपण येत नाही ही म्हण त्या जगात उलटी होईल, आणि त्यांच्या मूर्तींबद्दल लोकांना नेमकं हेच खटकत असेल.

जुन्या युगातली टाकी ओळखायची खूणही यातूनच मिळते. रोजच्या टाकीच्या डोक्याला पाणी देत नाहीत. ते मऊ असतं म्हणून हातोड्याखाली फुलतं, कडेला पाकळ्या सुटतात, आणि त्या घासून काढल्या नाहीत तर उडून डोळ्यात जातात. जुन्या युगातल्या टाकीचं डोकं फुललेलं नसेल. तिने घडवलेल्या चिऱ्यावर घावांच्या खुणाही नसतील.

तिसरं उत्तर: विशेषणांत फरक आहे. 'मंतरलेली' म्हणजे कुणीतरी मंत्र घातलेली, म्हणून तो उतरूही शकतो. 'भारलेली'त मूळ अर्थ मंत्राचाच, पण 'भारलेलं वातावरण' इतकं रुळलंय की धार गेली. 'सिद्ध' म्हणजे साधनेने सामर्थ्य आलेली. युग बुडालं तरी शक्ती टिकली असेल तर 'सिद्ध टाकी'. हळूहळू ओसरत असेल तर 'मंतरलेली'.

बाकी हत्यारांसाठी पाचर, घण, ओळंबा (सरळ उभं आहे का ते पाहायचा), गुण्या (काटकोन पाहायचा) पुरे. पहारीला आपल्याकडे नागपुरात सब्बल म्हणतात, पात्र इकडच्या बोलीत बोलत असेल तर तेच ठेवा. दगडासाठी 'घडीव' आणि 'अनघड' ही जोडी वापरा. नागपूरजवळ काटोल रस्त्यावरच्या जुनापाणीची शिळावर्तुळं, म्हणजे धोंडे गोलाकार मांडून केलेली प्राचीन दफनं, अनघड धोंड्यांची आहेत, तरी काही धोंड्यांवर वाटीसारखे गोल खळगे कोरलेले आहेत. तिथल्या उत्खननात लोखंडी छिन्न्याही निघाल्या. एकाच धोंड्याला दोन्ही शब्द लागू पडतात, हे तुमच्या युगाला शोभेल.

प्रश्नकर्ता: 'मंतरलेली टाकी' घेतो. अनेकवचन 'टाक्या'च ना?

पहिलं उत्तर देणारे: हो, पण विभक्तीत जपा. 'टाक्यांनी जोडलेली भिंत' वाचताना शिवणीचे टाके आठवतात. तिथे 'हत्यारांनी' लिहा.