पटकथाकार कर्नाडही लक्षात ठेवायला हवेत

वर एकाने लिहिलंय की गिरीश कर्नाड म्हणजे नाटककार आणि नट, सिनेमाच्या लेखनात त्यांचं फारसं काही नाही. मला हे अजिबात पटत नाही.

'संस्कार' (१९७०) बघा. कन्नड लेखक अनंतमूर्तींची कादंबरी, पटकथा कर्नाडांची आणि मुख्य पात्र प्राणेशाचार्यांच्या भूमिकेतही तेच. कादंबरी बरीचशी आचार्यांच्या मनात घडते आणि मन पडद्यावर आणणं महाकठीण. आचारधर्म झुगारलेल्या नारणप्पा या ब्राह्मणाचं प्रेत घरात पडलंय, अग्नी कोणी द्यायचा यावर अग्रहार (ब्राह्मणवस्ती) अडून बसलाय, दहन होईपर्यंत कोणाला जेवता येत नाही. अशात नारणप्पाबरोबर राहणारी चंद्री अंगावरचे दागिने उतरवून आचार्यांपुढे ठेवते. मघापर्यंत अंग चोरणाऱ्यांची नजर त्या सोन्याकडे वळते! माणसांचं पितळ उघडं पाडायला तेवढं पुरतं. मद्रासच्या सेन्सॉर मंडळाने आधी यावर बंदी घातली होती, पुढे त्यालाच सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

मग भैरप्पांच्या कादंबरीवरचा 'वंशवृक्ष', दिग्दर्शनात ब. व. कारंत सोबतीला. १९७३ला 'काडु', १९७८ला 'ओंदानोंदु कालदल्लि'. शंकर नाग पडद्यावर आले ते या शेवटच्यातून.

आणि आपल्यासाठी जिव्हाळ्याची गोष्ट म्हणजे अभिनेत्री हंसा वाडकरांच्या 'सांगत्ये ऐका' या आत्मचरित्रावरून केलेल्या 'भूमिका'च्या पटकथेतही श्याम बेनेगल आणि सत्यदेव दुब्यांबरोबर कर्नाड होते. तिलाही राष्ट्रीय पुरस्कार आहे. कर्नाडांचा जन्म माथेरानचा, घरची भाषा कोकणी, लेखन कन्नडमध्ये. 'संस्कार' मिळाला तर जरूर बघा, पण आधी कादंबरी वाचून.